तारीख विसरते, तिथी आठवते
ज्येष्ठांसाठी चंद्र आणि सूर यांची घरगुती दिनदर्शिका

स्मरणशक्तीची तपासणी करताना डॉक्टर बहुधा काळापासून सुरुवात करतात. वर्ष कोणते, ऋतू कोणता, महिना कोणता, तारीख किती, वार कोणता? १९७५ पासून जगभर वापरात असलेल्या एका सुप्रसिद्ध प्रश्नावलीचे हे पहिले पाच प्रश्न आहेत आणि प्रत्येकाला एक गुण आहे. ऐंशी ओलांडलेल्या एखाद्या आजी तारखेपाशी अडखळतात, वर्ष सांगताना गोंधळतात. त्याच आजींना ‘एकादशी कधी हो?’ असे सहज विचारले, तर त्या बोटांची पेरे मोजतात आणि ‘परवा’ असे अचूक सांगतात. भिंतीवरच्या तारखेशी त्यांचे नाते सैल झालेले असते, पण चंद्राशी जडलेले नाते अजून शाबूत असते.

हा फरक घरच्यांनी ध्यानात घ्यावा, असा आहे. भारतात साठ वर्षांवरील सुमारे ८८ लाख व्यक्तींना स्मृतिभ्रंश असावा, असा २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेला अंदाज आहे. या आजारात स्थळ आणि व्यक्ती यांच्या ओळखीआधी बहुधा काळाची ओळख पुसट होते. दिवस आणि रात्र यांची सीमा विरघळली की माणूस मध्यरात्री उठून आंघोळीला निघतो, जेवण होऊनही ‘मला कोणी वाढलेच नाही’ असे म्हणतो, संध्याकाळ झाली की स्वतःच्याच घरात बसून ‘मला घरी जायचे आहे’ असा हट्ट धरतो. त्याच्या मनातली भीती खरी असते आणि सांभाळणाऱ्याचा थकवाही खरा असतो. म्हणूनच ज्या खुणांनी ज्येष्ठांना अजून काळ कळतो, त्या खुणा शोधून त्यांची एक घरगुती दिनदर्शिका करता येईल का, याचा विचार या लेखात केला आहे.

पाळ्यांवर चालणारे घर

भोसरीत हा प्रश्न अधिक तीव्र होतो. १९६२ साली महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळाची स्थापना झाली आणि पुढील दशकांत पिंपरी, चिंचवड, भोसरी आणि मग चाकण हा सारा पट्टा कारखान्यांनी भरून गेला. शेताच्या बांधावर आणि देवळाच्या घंटेवर चालणारी घरे पाळ्यांवर चालू लागली. मुलाची एक आठवडा सकाळपाळी, पुढचा आठवडा दुपारपाळी, नंतर रात्रपाळी. येथील अनेक कारखान्यांना साप्ताहिक सुट्टी गुरुवारी आणि नातवंडांच्या शाळेला रविवारी. पहाटे डबा भरला जातो, तेव्हा घरातील दुसरा कोणी झोपायला येत असतो. रात्रपाळीहून आलेल्याला झोप लागावी म्हणून खिडक्यांवर जाड पडदे ओढले जातात, आणि त्याच खोलीत बसलेल्या आजोबांना सकाळचा उजेड दिसतच नाही.

तरुण देह असा बदल कष्टाने का होईना पेलतो. वृद्ध देहाला तो जड जातो. मेंदूतील आपले अंतर्गत घड्याळ चोवीस तासांहून किंचित मोठ्या फेऱ्यावर चालते आणि रोज सकाळचा प्रकाश ते जागेवर आणतो. वयानुसार डोळ्यातील भिंग पिवळसर होत जाते, त्यामुळे आत पोहोचणारा प्रकाश कमी होतो आणि झोपेशी संबंधित संप्रेरकही पूर्वीइतके स्रवत नाही. अशा वेळी घरात जेवणाची, उजेडाची आणि आवाजाची ठरावीक वेळ नसेल, तर त्या घड्याळाला आधार उरत नाही. पाळ्या बदलणे कोणाच्या हाती नाही. परंतु त्या बदलत्या वेळापत्रकाच्या शेजारी न बदलणारे असे एक छोटे वेळापत्रक ज्येष्ठांसाठी उभे करणे घरच्यांच्या हाती आहे.

सूर आणि चंद्र : जुनी सांगड

काळ सुरांनी मोजण्याची कल्पना नवी नाही. प्राचीन चीनमध्ये बारा स्वरनलिका वर्षाच्या बारा चांद्रमासांशी जोडलेल्या होत्या. ‘पिवळी घंटा’ हा मूळ स्वर हिवाळ्याच्या ऐन मध्यावरील अकराव्या महिन्याचा मानला जाई, आणि तेथील राजदरबारी इतिहासात स्वरशास्त्र व कालगणना यांचे प्रकरण एकत्रच लिहिले जाई.

आपल्याकडे तेराव्या शतकात यादवांच्या देवगिरीत, म्हणजे आजच्या दौलताबादेत, शार्ङ्गदेवाने ‘संगीतरत्नाकर’ लिहिला. त्यात रागांना ऋतू आणि दिवसाच्या वेळा नेमून दिलेल्या आढळतात. विसाव्या शतकात पंडित विष्णु नारायण भातखंडे यांनी रागांच्या समयाची व्यवस्था पुन्हा मांडली. दिवसाचे आठ प्रहर आणि प्रत्येक प्रहर तीन तासांचा. पहाटे ललित, सकाळी भैरव, दुपारी सारंग, सूर्यास्ताला पूरिया, दिवे लागल्यावर यमन, मध्यरात्रीकडे मालकंस. सूर्योदय आणि सूर्यास्त यांच्या सांध्यावरील रागांना ‘संधिप्रकाश राग’ असे सुंदर नाव आहे.

ज्यांनी रागसंगीत कधी शिकले नाही, त्यांच्याकडेही सुरांचे घड्याळ होते. जात्यावर बसलेल्या बाईला पहाट ओवीने कळे. हेमा राईरकर आणि गी पॉइटव्हँ यांच्या पुढाकाराने महाराष्ट्रातील खेड्यापाड्यांतून अशा एक लाखाहून अधिक ओव्या संकलित झाल्या आहेत. सकाळची भूपाळी, दिवेलागणीची शुभंकरोति, रात्रीचे भजन हे घराघरांतील प्रहरच होते.

चंद्राची बाजूही तशीच. एका अमावास्येपासून दुसऱ्या अमावास्येपर्यंत सुमारे साडेएकोणतीस दिवस लागतात. असे बारा महिने ३५४ दिवसांचे होतात आणि सौर वर्षापेक्षा अकरा दिवसांनी कमी पडतात. ही तूट भरून काढण्यासाठी साधारण बत्तीस-तेहतीस महिन्यांनी अधिक मास धरतात. २०२३ मध्ये अधिक श्रावण होता, २०२६ मध्ये अधिक ज्येष्ठ आहे. त्यामुळे आषाढी एकादशी २०२४ मध्ये १७ जुलैला, २०२५ मध्ये ६ जुलैला, तर २०२६ मध्ये २५ जुलैला येते. तारीख दरवर्षी हलते, तिथी मात्र जागची हलत नाही. ज्या माणसाने साठ-सत्तर वर्षे सण तिथीने मोजले, त्याला तारखेचा गोंधळ अधिक व्हावा यात नवल नाही.

भोसरीच्या आसपासचे वर्ष

या परिसराला एक मोठे वरदान आहे. एका अंगाला आळंदी, दुसऱ्या अंगाला देहू आणि जवळच चिंचवड. येथील वर्षाला चंद्र आणि सूर यांची शिवण आधीच घातलेली आहे. ज्येष्ठ वद्य सप्तमीला देहूहून तुकोबारायांची आणि अष्टमीला आळंदीहून माउलींची पालखी निघते. आळंदीची पालखी भोसरीलगतच्या दिघीवरून पुण्याकडे जाते. टाळमृदंग कानी आला की पाऊस आणि आषाढ जवळ आल्याचे पंचांग न उघडता कळते. कोजागिरीपासून त्रिपुरी पौर्णिमेपर्यंत देवळांतून पहाटेचा काकडा चालतो. कार्तिक वद्य त्रयोदशीला आळंदीत माउलींचा समाधिसोहळा, मार्गशीर्ष वद्य षष्ठीला चिंचवडला मोरया गोसावींचा, फाल्गुन वद्य द्वितीयेला देहूत तुकाराम बीज. यांच्या अधेमधे चैत्रात रामजन्माचा पाळणा, श्रावणात मंगळागौरीची गाणी, भाद्रपदात आरत्या, आश्विनात भोंडला. गाणे ऐकले की महिना उमगतो.

आकाशवाणीनेही अशी एक दिनदर्शिका एकदा घडवली होती. १९५५ च्या रामनवमीला, १ एप्रिल रोजी, पुणे केंद्रावरून ग. दि. माडगूळकर आणि सुधीर फडके यांच्या ‘गीतरामायणा’चे पहिले गीत प्रसारित झाले आणि वर्षभर दर आठवड्याला नवे गीत येत राहून छप्पन्न गीते पूर्ण झाली. त्या वर्षी जे दहा-पंधरा वर्षांचे होते, ते आज ऐंशीच्या घरात आहेत. माणसाला आयुष्यातील सर्वांत ठळक आठवणी साधारण दहा ते तीस या वयातील राहतात. म्हणून आपल्या घरातील ज्येष्ठांचे संगीत कोणते, हे शोधताना त्यांच्या त्या वयाकडे पाहावे.

सर्व घरांचे सूर एकच असणार नाहीत, हे उघडच आहे. कोणाच्या घरी बुद्धवंदना आणि वैशाख पौर्णिमा असेल, कोणाच्या घरी रमजानचा चंद्र आणि नात. हिजरी वर्ष शुद्ध चांद्र आहे, त्यात अधिक मास नाही, म्हणून त्याचे महिने सर्व ऋतूंतून फिरतात. कामासाठी उत्तरेकडून येथे आलेल्या कुटुंबांचा महिना पौर्णिमेला संपतो, आपला अमावास्येला. त्यामुळे आपल्या श्रावण वद्य अष्टमीला ते भाद्रपद कृष्ण अष्टमी म्हणतात. जन्माष्टमी मात्र एकाच रात्री येते. शेजारच्या आजींनी महिन्याचे नाव वेगळे सांगितले, तर त्या विसरल्या असे समजण्याची घाई करू नये.

हे उपयोगी का पडते?

२०१५ मध्ये ‘ब्रेन’ या वैद्यकीय नियतकालिकात प्रसिद्ध झालेल्या संशोधनात असे दिसले, की दीर्घकाळ परिचित असलेल्या संगीताची स्मृती जपणारे मेंदूचे भाग अल्झायमरच्या आजारात इतर अनेक भागांच्या तुलनेने उशिरा झिजतात. म्हणूनच मुलीचे नाव न आठवणारी आई संपूर्ण आरती शब्दही न चुकता म्हणते. स्मृतिभ्रंशावरील संगीतोपचारांच्या एकत्रित आढाव्यांतून असे आढळते, की त्याने उदासी कमी होण्यास आणि वर्तनाच्या काही तक्रारी सौम्य होण्यास मदत होते. गेलेली स्मृती त्याने परत येत नाही. ही मर्यादा प्रथमच मान्य करावी, म्हणजे अपेक्षाभंग होत नाही. आपल्याला साधायचे आहे ते एवढेच, की ज्येष्ठांचा दिवस त्यांना ओळखीचा वाटावा.

दिनदर्शिका कशी करावी?

पहिली पायरी दिवसाची. दिवसाला चार सूर नेमावेत : सकाळचा, दुपारचा, दिवेलागणीचा आणि झोपेपूर्वीचा. प्रत्येक वेळी एकच ठरावीक गाणे, भजन किंवा वादन, दहा-पंधरा मिनिटे आणि रोज त्याच वेळी. सकाळचा सूर लागताच पडदे उघडावेत आणि ज्येष्ठांना अर्धा तास गॅलरीत किंवा खिडकीपाशी बसवावे, कारण खरे काम प्रकाश करतो आणि सूर त्याची आठवण देतो. दुपारच्या सुरानंतर जेवण, रात्रीच्या सुरानंतर मंद दिवा. दिवसभर दूरचित्रवाणी किंवा रेडिओ चालू ठेवू नये. सतत वाजणारे संगीत कोणतीच वेळ सांगत नाही.

दिवेलागणीचा सूर विशेष जपावा. स्मृतिभ्रंशाच्या अनेक रुग्णांची अस्वस्थता सूर्यास्ताच्या सुमारास वाढते. आपल्या भाषेत या वेळेला ‘कातरवेळ’ म्हणतात, तो शब्द अनुभवातून आला असावा. अंधार पडण्याच्या थोडे आधीच घरातले दिवे लावावेत, ज्येष्ठांजवळ बसावे आणि शुभंकरोति, हरिपाठ किंवा त्यांच्या परिचयाचे जे असेल ते त्यांच्याबरोबर म्हणावे. ध्वनिमुद्रणापेक्षा घरच्या माणसाचा बेसूर आवाजही येथे अधिक उपयोगी पडतो, कारण त्यात सोबत असते.

दुसरी पायरी पंधरवड्याची. जाड पांढऱ्या पुठ्ठ्याचा ताटलीएवढा चंद्र कापून भिंतीवर लावावा आणि त्यावर सरकणारी काळी चकती बसवावी. रोज दिवा लावल्यावर ती चकती ज्येष्ठांनीच थोडी सरकवावी. शुद्ध पक्षात चंद्र उघडत जातो, वद्य पक्षात झाकत जातो. शेजारी फळ्यावर ठळक अक्षरांत तीनच ओळी लिहाव्यात : ‘आज गुरुवार. वद्य पंचमी. मुलाला आज सुट्टी.’ पाळीची नोंद असली, तर ‘मुलगा अजून का आला नाही’ ही घालमेल पुष्कळ कमी होते.

आकाशातील चंद्रही दाखवावा. तो रोज सरासरी पन्नास मिनिटे उशिरा उगवतो. शुद्ध तृतीयेपासून पौर्णिमेपर्यंत तो संध्याकाळीच दिसतो. संकष्टीला रात्री नऊच्या आसपास उगवतो, आणि चंद्रोदयाची नेमकी वेळ १९७३ पासून घरोघरी असलेल्या ‘कालनिर्णय’मध्येही सापडते. वद्य पक्षाच्या पहिल्या आठवड्यात तो सकाळी पश्चिमेकडे दिसतो. गच्चीचा जिना अंधारा असेल, तर गच्चीचा आग्रह धरू नये. पडून खुब्याचे हाड मोडणे हे चंद्रदर्शनाचे मोल होऊ शकत नाही. खिडकीतून दिसला तरी पुरे.

तिसरी पायरी वर्षाची. बारा महिन्यांची बारा गाणी ज्येष्ठांनाच विचारून निवडावीत. ‘तुमच्या माहेरी श्रावणात काय म्हणत?’ असा प्रश्न विचारला, तर गाण्याबरोबर माणसे, शेते आणि पदार्थही आठवतात. नातवंडांनी ती गाणी भ्रमणध्वनीवर मुद्रित करून ठेवावीत. महिना बदलला की गाणे बदलावे.

दोन पथ्ये पाळावीत. ‘सांगा बरे, आज तिथी कोणती?’ अशी परीक्षा घेऊ नये. ‘आज दशमी, उद्या एकादशी हं’ असे आपणच बोलता बोलता सांगावे. आणि एखादे गाणे ऐकून डोळे भरून आले, तर लगेच बंद न करता हात धरून बसावे. मात्र ते गाणे पुन्हा पुन्हा बेचैन करत असेल, तर यादीतून काढावे. आवाज बोलण्याइतकाच ठेवावा. श्रवणयंत्र असेल, तर ते आधी लावावे. रात्रपाळीचा माणूस झोपला असेल, तर ज्येष्ठांची बैठक दुसऱ्या खोलीत, उजेडात हलवावी.

येथे तिथी चालणार नाही

काही गोष्टी तारखेच्या आणि घड्याळाच्याच ताब्यात ठेवल्या पाहिजेत. तिथी एकोणीस ते सव्वीस तासांची असते, म्हणून तिचा क्षय होतो आणि वृद्धीही होते. औषधे, इन्सुलिन, आठवड्यातून एकदाच घ्यायची गोळी, रक्ततपासणी आणि हयातीचा दाखला यांची नोंद तारखेनेच करावी आणि ती जबाबदारी सांभाळणाऱ्याने घ्यावी.

तिथीबरोबर उपास येतो. महिन्यात दोन एकादशा, एक संकष्टी, शिवाय सोमवार किंवा गुरुवार. मधुमेहाची गोळी किंवा इन्सुलिन घेऊन उपाशी राहिल्यास साखर धोकादायकरीत्या उतरू शकते. लघवी होण्याची गोळी चालू असताना पाणी न पिता उपास केल्यास चक्कर येते आणि रक्तातील क्षारांचा तोल बिघडतो. साबुदाण्याची खिचडी आणि बटाटा हा उपासाचा आहार मधुमेह्याची साखर उलट वाढवतो. उपास करण्यापूर्वी डॉक्टरांना विचारावे. एकादशी पाळायचीच असेल, तर त्या दिवशी हरिपाठ अधिक म्हणावा आणि जेवण नेहमीचे करावे, ही तडजोड बहुतेक ज्येष्ठांना समजावता येते.

तिसरी सूचना सर्वांत महत्त्वाची. ‘अमावास्या आहे, म्हणून आजोबा बरळताहेत’ असे म्हणून थांबू नये. पौर्णिमेआधीच्या काही रात्री झोप उशिरा आणि थोडी कमी लागते, असे २०२१ मध्ये अर्जेंटिना आणि अमेरिकेत केलेल्या अभ्यासात दिसले आहे. परंतु चंद्रामुळे माणूस एकाएकी भ्रमिष्ट होत नाही. काही तासांत किंवा एक-दोन दिवसांत अचानक गोंधळ, गुंगी किंवा भास सुरू झाले, तर लघवीचा किंवा फुप्फुसाचा संसर्ग, शरीरातील पाणी किंवा सोडियम कमी होणे, साखर उतरणे, तुंबलेली लघवी, बद्धकोष्ठ, नवे औषध किंवा डोक्याला लागलेला मार यांपैकी काही कारण असण्याची शक्यता मोठी असते. त्याच दिवशी रुग्णालयात न्यावे. तोंड वाकडे होणे, हातापायातली शक्ती जाणे किंवा बोलणे अडखळणे दिसल्यास एक मिनिटही न दवडता १०८ क्रमांकावर रुग्णवाहिका बोलवावी. ज्येष्ठांच्या इतर अडचणींसाठी १४५६७ ही राष्ट्रीय मदतवाहिनी आहे.

सांभाळणाऱ्यांसाठी

ही सारी व्यवस्था एका दिवसात उभी करण्याची गरज नाही. आधी फक्त दिवेलागणीचा सूर धरावा. दोन आठवडे तो चुकू देऊ नये आणि त्या वेळेला ज्येष्ठ किती अस्वस्थ होतात, रात्री किती वेळा उठतात, याची वहीत एका ओळीची नोंद ठेवावी. उपयोग दिसला, तर सकाळचा सूर जोडावा, नंतर चंद्राची चकती. उपयोग दिसला नाही, तर गाणे बदलून पाहावे किंवा वेळ अर्ध्या तासाने पुढेमागे करावी. ती वही पुढच्या भेटीत डॉक्टरांना दाखवावी. झोपेची गोळी वाढवायची की नाही, हे ठरवताना तिचा त्यांना उपयोग होतो.

उत्तर भारतातील ग्रामीण ज्येष्ठांसाठी स्मृतितपासणीचे हिंदी रूप तयार करताना संशोधकांनी ‘आता सकाळ आहे, दुपार आहे की संध्याकाळ?’ हा साधा प्रश्न त्यात घेतला. आपल्या घरातील ज्येष्ठांना तारीख आणि वर्ष कदाचित यापुढे सांगता येणार नाही. परंतु सकाळ सकाळसारखी आणि संध्याकाळ संध्याकाळसारखी वाटली, जवळ कोणी आहे आणि उद्या एकादशी आहे एवढे उमगले, तरी त्यांचा दिवस निर्भय होतो. ते निर्भय असले की सांभाळणाऱ्यालाही रात्री दोन तास अधिक झोप मिळते, आणि पहाटेच्या पाळीला निघणाऱ्या माणसासाठी ते दोन तास मोलाचे असतात.